नऊ वेळा चीत झालेला पैलवान

१७ ऑगस्ट १९९७, रविवार

सकाळी १५०/९०. ही वही पॉलिक्लिनिकमधल्या डॉक्टरीणबाईंनी रक्तदाब लिहायला दिली आहे. दोन आकडे लिहायला अख्खं पान कशाला लागतं कोण जाणे. उरलेल्या जागेत मी माझं लिहिणार. या घरात वसुधाशिवाय कुणाला मराठी धड वाचता येत नाही, आणि वसुधा माझ्या कुठल्याही वस्तूला हात लावत नाही.

मी पद्मनाभ मगदूम, समडोळीचा, वय सहासष्ट. शैला, माझी बायको, जाऊन तीन वर्षं झाली. जावई उल्हासराव बोटीवर चीफ इंजिनिअर आहेत. त्यांनी तिकीट पाठवलं म्हणून जूनमध्ये इथं तोआ पायोहला मुलीकडे आलो. ते स्वतः वर्षातले आठ महिने पाण्यावर. फ्लॅटमध्ये वसुधा, तेरा वर्षांची नात ईशा आणि मी.

वसुधाची तक्रार करायला जागा नाही. वेळेवर जेवण, वेळेवर गोळी, चादर दर रविवारी धुतलेली. पण बोलणं तेवढ्यापुरतंच. "अप्पा, जेवायला या." "अप्पा, पंखा बंद करू?" हॉटेलातला मॅनेजरसुद्धा याहून जास्त चौकशी करतो. मी १९६० साली बोटीवर गेलो तेव्हा ती दोन वर्षांची होती आणि परतलो तेव्हा आठ. त्या सहा वर्षांत मी घरी एक ओळ लिहिली नाही. त्याला कारण आहे, पण ते सांगण्यासारखं नाही. मरायच्या आत या मुलीनं माझ्याशी एकदा मोकळेपणी बोलावं, एवढ्याचसाठी मी इथं आलो आहे. सिंगापूर बघायला आलेलो नाही.

२१ ऑगस्ट, गुरुवार

सकाळी १४८/९०. संध्याकाळी १७६/१००. त्याचं कारण लिहितो.

टाऊन सेंटरला लायब्ररीत पेपर चाळायला गेलो होतो. निघताना नोटीस बोर्डावर एक रंगीत कागद दिसला. काळ्या कापडाचा मुखवटा, डोळ्यांभोवती पिवळी किनार, नाकावर शिवलेली वाकडी चोच. मी तिथल्याच बाकावर बसून राहिलो. त्या मुखवट्याच्या आत जो माणूस आहे तो मी आहे.

कागदावर लिहिलं होतं की एक फिल्म क्लब मेक्सिकोचे जुने कुस्तीचे सिनेमे दाखवणार आहे. तीन शनिवार, दुपारी तीन वाजता, कम्युनिटी सेंटरच्या हॉलमध्ये, प्रवेश मोफत. सगळं जग सोडून तो मुखवटा मला गाठायला तोआ पायोहला आला!

हे मी आजवर कुणालाही सांगितलेलं नाही. वहीला सांगायला हरकत नसावी.

मी बोटीवर फिटर होतो. मेक्सिकोच्या वेराक्रूझ बंदरात मला विषमज्वर झाला, मला इस्पितळात टाकून बोट पुढं निघून गेली. शेजारच्या खाटेवर एक म्हातारा होता. त्यानं माझे मोडलेले कान पाहिले आणि स्वतःचे कान दाखवले. पैलवानाचे कान कुठल्याही मुलखात ओळखू येतात. बरा झाल्यावर तो मला आपल्या आखाड्यात घेऊन गेला. त्याला सगळे मायेस्त्रो म्हणत, म्हणजे आपले वस्ताद.

तिकडे पैलवान मुखवटे घालून लढतात, आणि त्या काळात त्यांचे सिनेमे धो धो चालत होते. पांढऱ्या मुखवट्याचा नायक पिशाच्चांशी, वेड्या शास्त्रज्ञांशी, थडग्यातून उठलेल्या राजांशी लढायचा. पहिल्या सिनेमात मी तिसरा गुंड होतो. डोक्यात खुर्ची घालून घ्यायची आणि पडायचं. दिग्दर्शक म्हणाला, हा माणूस पडतो फार छान. तिथून माझं नशीब उघडलं. दुसऱ्या सिनेमापासून चोचीचा मुखवटा मिळाला आणि नाव मिळालं 'एल मिलानो', म्हणजे आपली घार.

सहा वर्षांत नऊ सिनेमे केले. तीन आठवड्यांत एक सिनेमा उरकायचा. प्रयोगशाळेच्या भिंती पुठ्ठ्याच्या, अंगावर पडल्या तर ओरडायचं मात्र दगडाच्या असल्यासारखं. फिल्म महाग, म्हणून कुस्ती एका दमात लढायची. सकाळी चढवलेला मुखवटा संध्याकाळी उतरायचा, जेवतानाही नाही. सूप नळीनं प्यायचं. माझं स्पॅनिश कच्चं, म्हणून पडद्यावर आवाज एका जाड्या गृहस्थाचा. चेहरा नाही, आवाज नाही, माझं म्हणावं असं फक्त अंग होतं.

आणि नऊच्या नऊ वेळा मी शेवटी चीत झालो. कागदावर आधीच लिहिलेलं असायचं, मिलानो हरतो. ठरवून हरण्याला आपल्याकडे नुरा कुस्ती म्हणतात. आमच्या तालमीत एक गडी नुरा लढला होता. वस्तादांनी त्याला तालमीची पायरी कायमची बंद केली, त्याचा बाप पाया पडला तरी ऐकलं नाही. तो गडी पुढं जत्रेत पेढे विकायचा आणि पैलवान दिसले की पाठ फिरवायचा. असं असताना मी घरी काय लिहिणार? खोटं लिहवत नव्हतं. खरं लिहावं तर शैलाला अक्षरओळख नाही, पोस्टमन वाचून दाखवणार, आणि संध्याकाळपर्यंत सगळी समडोळी म्हणणार की मगदुमांचा पद्मा परदेशात पैसे घेऊन पाठ लावतो. आज लिहू, उद्या लिहू करत सहा वर्षं गेली. घर थोरल्या भावानं सांभाळलं. उजवा खांदा निखळला तेव्हा परत आलो आणि 'बोटींवर होतो' एवढंच सांगितलं. शैलानं कधी काही विचारलं नाही. तिच्या या समजूतदारपणाचं मला फार कौतुक होतं.

शिवाय शपथ आहे. मुखवटा दिला त्या दिवशी मायेस्त्रोनं बजावलं होतं, कुणी खरोखर हरवल्याशिवाय आत कोण आहे ते सांगायचं नाही. सिनेमातलं हरणं धरत नाहीत.

२५ ऑगस्ट, सोमवार

१५२/९२. वसुधा बाजारात गेली तेव्हा ट्रंक उघडून मुखवटा पाहिला. चोचीला कसर लागली आहे, बाकी ठीक. येताना त्याच्या खाली मी एक फोटो ठेवला होता. मी, रेमेदिओसबाई आणि माझ्या खांद्यावर त्यांची लेक लूपे. बाई विधवा, स्टुडिओचे मुखवटे शिवायच्या, आणि मी त्यांच्या घरी भाड्याच्या खोलीत राहायचो. माझ्यासाठी घेवड्याची उसळ चरबी न घालता वेगळ्या भांड्यात करायच्या. मेक्सिकोत राहून मी शाकाहारी राहिलो तो त्यांच्या पुण्याईनं. फोटो मुखवट्याखाली होता, तो आज वर सापडला, तोही पालथा. विमानतळावर कस्टमवाल्यांनी उचकापाचक केली असणार.

दुपारी वसुधा स्वयंपाकघरात होती. जरा बोलणं वाढावं म्हणून म्हटलं, "इथं काळा घेवडा मिळतो का गं? मेक्सिकोत एक रेमेदिओसबाई होत्या, त्या फार छान उसळ करायच्या." तिनं पळी खाली ठेवली आणि खोलीत निघून गेली. आमटी उतू गेली. तिला घेवडा बाधतो हे मी विसरलोच होतो.

३० ऑगस्ट, शनिवार

ईशाला घेऊन सिनेमाला गेलो. मला वाटलं होतं चारदोन म्हातारे येतील, तर चाळीसेक माणसं, बहुतेक कॉलेजची. प्लॅस्टिकच्या खुर्च्या, एसी एवढा की मला मफलर आठवला.

एकतीस वर्षांनी स्वतःला पाहिलं. काय मांड्या होत्या! काय छाती होती! शेजारच्या चिनी पोराला सांगावंसं वाटलं. शास्त्रज्ञाच्या तळघरात मी दोन पहारेकऱ्यांना एकाच वेळी उचलतो, तेव्हा हॉलमध्ये टाळ्या पडल्या. नंतर रिंगमध्ये नायकानं मला डोक्यावरून फेकलं आणि ईशा खुर्चीत लोळून हसायला लागली. "आजोबा, सो फेक लाह! द बर्ड मॅन काण्ट ईव्हन फाइट!"

"पडणं सोपं नसतं," मी म्हणालो.

"हाऊ यू नो?"

"अंदाज आपला."

पोरगी म्हणाली त्यात खोटं काय होतं? तरी मला झोंबलं. ज्या गोष्टीला घाबरून मी पत्र लिहिलं नाही ती शेवटी नातीनं तोंडावर सांगितली.

सिनेमानंतर एक मेक्सिकन मुलगी बोलायला उभी राहिली. नाव सोफिया, इथल्या युनिव्हर्सिटीत संशोधन करते, सिनेमे तिनंच आणले आहेत. ती म्हणाली, नायकाबद्दल सगळ्यांना सगळं ठाऊक आहे, मी शोधते आहे तो मिलानो. स्टुडिओच्या कागदांवर त्याचं खरं नाव नाही. कुणी म्हणतं क्युबाचा, कुणी म्हणतं तुर्क. फक्त एक खूण आहे. रिंगमध्ये उतरला की तो वाकून जमिनीला हात लावतो, हात कपाळाला नेतो आणि मग मांड्यांवर थापा मारतो. मेक्सिकोत असं कुणीही करत नाही.

ती साधी सलामी आहे. आखाड्यात उतरताना मातीला हात लावायचा आणि शड्डू ठोकायचा, याला काय कुणी विचार करून करतं? मिलानोच्या पहिल्या शूटिंगला दिग्दर्शकानं विचारलं होतं, हे काय? मग म्हणाला, राहू दे, खलनायकाला शोभतं. सोफियाला म्हणावंसं वाटलं, पोरी, मी इथं तिसऱ्या रांगेत बसलोय. शपथ आठवून गप्प राहिलो.

६ सप्टेंबर, शनिवार

१४६/८८. आजपासून आम्हा जैनांचं दशलक्षण पर्व. दहा दिवस एकवेळ जेवण. सिनेमाला गेलो नाही, पर्वात स्वतःच्या मांड्या बघून फुशारायचं बरं नव्हे.

वसुधाच्या सासरी कांदा-बटाटा सगळं चालतं. आज मात्र ताटात कांद्याशिवायची आमटी, कच्च्या केळ्याची भाजी आणि साजूक तूप होतं. मी विचारलं, "माझ्यासाठी वेगळं केलंस?" ती म्हणाली, "नाही, केळी पिकायला लागली होती, संपवायची होती." केळी तर चांगली हिरवीगार होती.

१० सप्टेंबर, बुधवार

१५०/९०. इंडोनेशियात रानं पेटली आहेत, त्याचा धूर इथवर. समोरची इमारत सकाळी दिसत नाही. ईशाच्या शाळेत खेळाचा तास बंद. मला इमारतीखालच्या मोकळ्या जागेत, व्हॉइड डेकवर, फिरायलाही वसुधानं मनाई केली. "तुमच्या छातीला झेपायचं नाही," म्हणाली. ज्या छातीवर मी चार माणसं उभी केली ती आता धुराला घाबरते.

१३ सप्टेंबर, शनिवार

आज शेवटचा सिनेमा, माझाही नववा. पर्वाचं जरा बाजूला ठेवलं, कारण हा पुन्हा बघायला मिळणार नव्हता. ईशाची शिकवणी होती. वसुधा म्हणाली, "उपाशी पोटी, एवढ्या धुरात एकटे कुठं जाता? मी येते." मी नको नको म्हणत होतो. ती नाकाला रुमाल लावून माझ्या आधी लिफ्टपाशी उभी.

पहिली वीस मिनिटं ती पर्समधली बिलं लावत बसली होती. मग रिंग आली. मिलानो दोरांखालून आत शिरला, वाकला, डाव्या हातानं जमिनीला शिवून हात कपाळाला नेला. मग शड्डू ठोकला, डाव्या मांडीवर दोनदा, उजवीवर एकदा. माझ्या वस्तादांचा हा रिवाज, आमच्या तालमीबाहेर कुणाचा नाही. परतल्यावर समडोळीच्या जत्रेत मी एकदाच लढलो होतो, निखळलेल्या खांद्यानं, तेव्हा आठ वर्षांची वसुधा शैलाच्या शेजारी माळावर बसली होती.

तिचा बिलांचा कागद खाली पडला. तिनं उचलला नाही. पडद्याकडे बघत राहिली, मग माझ्या कानांकडे, मग पुन्हा पडद्याकडे. मी समोर बघत होतो. शेवटी नायकानं मला दोरांवरून बाहेर फेकलं. ज्या पडण्यात माझा खांदा गेला तेच हे. तिनं माझं मनगट धरलं आणि दिवे लागेपर्यंत सोडलं नाही. माझी नाडी बघत असावी, उपास होता ना.



१६ सप्टेंबर, मंगळवार

१६८/९८. काल पर्व संपलं. तीन दिवस वसुधा बोलत नाही, आधी बोलायची तेवढंही नाही. गोळी टेबलावर ठेवते आणि जाते. डोळे सुजलेले, धुरानं असतील. तिनं मला ओळखलं यात शंका नाही. आणि ओळखलं म्हणजे बाप हरताना पाहिला. नायकाच्या पायाखाली, हात आपटत, जाड्या गृहस्थाच्या आवाजात दयेची भीक मागताना. आपल्या बापाची नुरा कुस्ती बघून कुठल्या मुलीला मान वर करवेल? आलो ते उगाच आलो. एक तारखेचं परतीचं विमान मिळतं का ते उल्हासरावांचा फोन आला की विचारीन.

१७ सप्टेंबर, बुधवार

रक्तदाब घेतला नाही. घेतला असता तर यंत्र फुटलं असतं.

आज क्षमावाणी. पर्वाच्या शेवटी लहानथोर सगळ्यांची क्षमा मागायची असते. सकाळी ईशा शाळेला गेल्यावर मी वसुधासमोर हात जोडले आणि नेहमीचं वाक्य म्हणालो, "वसू, जाणतेपणी अजाणतेपणी माझं काही चुकलं असेल तर उत्तम क्षमा."

ती ओट्यापाशी होती. वळली आणि म्हणाली, "असेल तर?"

मी गोंधळलो. म्हटलं, "असंच म्हणतात."

"माझं लग्न झाल्यापासून दरवर्षी तुमचं छापील कार्ड येतं. काही चुकलं असेल तर. असेल तर, अप्पा? सहा वर्षं एक ओळ नाही, आणि नंतर छापील कार्डं?" तिचा आवाज एवढा चढलेला मी कधी ऐकला नव्हता. ती माझ्या खोलीत गेली आणि सरळ ट्रंकेतून तो फोटो घेऊन आली. कुठं आहे ते तिला बरोबर ठाऊक होतं. "ही कोण?"

"रेमेदिओसबाई. सांगितलं होतं ना, उसळ..."

"आणि ही मुलगी तुमची ना?"

मला खरंच कळायला वेळ लागला. बाकीचं तिनंच सांगितलं. गावचा एक खलाशी १९६३ साली घरी येऊन सांगून गेला होता की मगदूम तिकडे एका बाईच्या घरी राहतो, त्या घरात एक मूल आहे. वसुधा तेव्हा दाराआड उभी होती. पाच वर्षांची. तेव्हापासून आजवर ती हेच धरून चालली होती, की अप्पांचं तिकडे दुसरं घर आहे, दुसरी मुलगी आहे. आणि मी तिला घेवडा बाधतो म्हणून लिहून ठेवलं! मला बैल म्हटलं तर बैलानं रागवावं.

सगळं सांगितलं. विषमज्वर, कान, पुठ्ठ्याच्या भिंती, भाड्याची खोली. मिलानोचं नाव घेतलं नाही, ते तिनं स्वतःच पाहिलं होतं. का लिहिलं नाही तेही सांगितलं. "पैसे घेऊन हरत होतो, वसू. नऊ वेळा. ते कुठल्या तोंडानं लिहू?"

"एवढंच?" ती म्हणाली.

"एवढंच म्हणजे? नुरा कुस्ती म्हणजे काय साधी गोष्ट आहे?"

ती हसली आणि त्याच हसण्यात रडायला लागली. मी नऊ सिनेमांत एकदाही घाबरलो नव्हतो, तेवढा आज घाबरलो. शेवटी विचारलं, "शैलाही हेच मनात घेऊन गेली का?"

तिनं डोळे पुसले. "नाही. आई म्हणायची, तो माणूस दुसरं घर करणारा नव्हे. काहीतरी हरून आलाय, म्हणून सांगत नाही. आपण विचारायचं नाही, त्याला लाज वाटेल. मीच तिला वेडी म्हणायची."

शैलाला कळलं होतं. ज्याला मी तिचा समजूतदारपणा म्हणत आलो, ते तिनं मला झाकून धरलं होतं. असं आधी कळलं असतं तर तिच्या पायाशी बसून सगळं सांगितलं असतं. आता कुणाला सांगू?

वसुधा फोटोकडे बघत होती. "तिला खांद्यावर घेतलंत तुम्ही. मला आठवत नाही तुम्ही मला कधी घेतलं."

"ती तुझ्याच वयाची होती," मी म्हणालो. "तिला उचललं की मनात यायचं, आपली वसू आता एवढी जड झाली असेल."

"मग तेवढं तरी लिहायचं होतंत."

"हो. लिहायला हवं होतं. असेल तर वगैरे काही नाही, वसू. माझं चुकलं."

तिनं फोटो टेबलावर ठेवला. मग म्हणाली, "चहा गार झाला, दुसरा करते." क्षमा केली की नाही ते सांगितलं नाही. चहा मात्र दोघांचा केला आणि समोर बसून प्यायली. तीन महिन्यांत पहिल्यांदा.

२१ सप्टेंबर, रविवार

आज सोफिया जेवायला आली. ईशानं फिल्म क्लबला फोन करून बोलावलं. ईशाला आईनं सगळं सांगितलं आहे, आणि पोरगी माझ्याकडे आता असं बघते की मला शर्टाची बटणं तपासावी लागतात. "आजोबा, यू आर द बर्ड मॅन! व्हाय नेव्हर टेल?"

सोफिया दारातून आत आली ती माझे कान बघतच राहिली. मी स्पॅनिशमध्ये 'या, बसा' म्हणालो. तिच्या डोळ्यांत पाणी आलं. तीन वर्षं शोधत होती, मेक्सिकोत, लॉस एंजेलिसला, हवानात. तिनं वही काढली आणि विचारलं, "सेन्योर, मिलानो तुम्हीच ना?"

मी म्हणालो, "ते मला सांगता येत नाही. शपथ आहे. कुणी खरोखर हरवलं तरच."

ती बिचारी पेन बंद करून बसली. तिच्या देशातली गोष्ट, तिला पटली. वसुधाला नाही पटली. ताटं मांडायची सोडून तिनं टेबलावरचं सगळं बाजूला सारलं, माझ्यासमोर बसली आणि कोपर टेकवलं. "मग मी हरवते. पंजा लावा."

"वसू, काहीतरीच काय!"

"डावा हात लावा, उजव्या खांद्याचा बहाणा नको. आणि अप्पा, नुरा चालणार नाही. सोडून दिलंत तर मला कळेल."

मी हात लावला. खरं सांगतो, सोडून द्यायचंच मनात होतं. एकोणचाळीस वर्षांची बाई, मी कितीही म्हातारा झालो तरी पैलवान. मग तिनं जोर लावला. ती नुसता हात दाबत नव्हती. ओठ घट्ट मिटलेले, मानेची शीर तट्ट फुगलेली, आणि नजर माझ्या डोळ्यांतून हलत नव्हती. या जोराला खोटं पडणं म्हणजे तिचा अपमान झाला असता. म्हणून मीही सगळा जोर लावला. ईशा ओरडत होती, "कमॉन आई! कमॉन आजोबा!" दोघांनाही. हात मध्ये थरथरत राहिला. एकदा मी तिला पार खाली नेलं होतं. तिथून तिनं परत वर आणलं, कुठून आणलं देव जाणे, आणि माझा हात टेबलावर आपटला.

मी खरा हरलो. ईशाला शंका आहे, सोफियालाही असावी, पण माझं मनगट सुजलं आहे. आयुष्यात ठरवल्याशिवाय झालेल्या इतक्या हारींत ही एकच अशी, की हरलो आणि बरं वाटलं.

तिकडचा कायदा असा आहे की हरलेल्यानं मुखवटा स्वतःच्या हातानं काढायचा, जिंकणाऱ्याच्या हाती द्यायचा आणि आपण कोण ते सगळ्यांना ऐकू जाईल असं सांगायचं. मी खोलीत जाऊन मुखवटा घातला. डोकं बहुतेक सुजलं आहे, फार घट्ट झाला. मागच्या नाड्या ईशानं बांधल्या. बाहेर येऊन टेबलापाशी उभा राहिलो, नाड्या सोडल्या, मुखवटा काढला आणि वसुधाला दिला.

"नाव?" सोफियानं विचारलं.

"पद्मनाभ बाबगोंडा मगदूम."

"गाव?"

"समडोळी, तालुका मिरज."

"किती वर्षं?"

"सहा."

सोफिया लिहीत होती. तिच्याकडच्या रिवाजाप्रमाणे तिथं संपतं. मी बसायला खुर्ची ओढली. वसुधानं मुखवटा दोन्ही हातांत धरला होता. तिनं मराठीत विचारलं, "आणि घरी कोण कोण असतं?"

मी उभाच राहिलो.

"बायको आहे, शैला," मी म्हणालो. "आणि एक मुलगी आहे. वसुधा. दोन वर्षांची."

सोफियानं एकेकाकडे पाहिलं आणि हळूच इंग्रजीत विचारलं, शेवटचं काय म्हणाले?

"ही हॅज अ डॉटर," वसुधानं सांगितलं, आणि सगळ्यांना भात वाढायला उठली.